मॉर्गन यांनी मत बदललं का? 'स्टॅम्प ॲक्ट' आणि 'अमेरिकन स्लेव्हरी' सोबत वाचताना

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. एम. ए.ला अमेरिकेच्या इतिहासाचा पेपर घेतलाय आणि अमेरिकी इतिहासकार एडमंड मॉर्गन यांची दोन पुस्तकं हाती आली आहेत. १९५३च्या 'द स्टॅम्प ॲक्ट क्रायसिस'मध्ये ब्रिटनच्या अमेरिकेतल्या वसाहतींतले लोक करांविरुद्ध तत्त्वासाठी लढले, असं ते ठामपणे मांडतात. १९७५च्या 'अमेरिकन स्लेव्हरी, अमेरिकन फ्रीडम'मध्ये मात्र त्याच लोकांचं स्वातंत्र्य गुलामांच्या पाठीवर उभं होतं, असं म्हणतात. मग त्यांनी मत बदललं का, दोन्हींतलं खरं कुठलं मानायचं, आणि एवढ्या जुन्या पुस्तकांवर आज विसंबावं का, असे तुमचे तीन प्रश्न आहेत. शिवाय, जोतीराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' ज्या अमेरिकी लोकांना अर्पण केली त्यांच्या पूर्वजांचं हे रूप वाचून मन खट्टू झालं, असंही तुम्ही लिहिलंय.

मी हा पेपर बरीच वर्षं शिकवला आणि ही दोन पुस्तकं मुद्दाम जोडीने वाचायला देत आलो, ती याच गोंधळासाठी. माझं उत्तर आधीच सांगतो: मॉर्गन यांनी मत बदललेलं नाही. पहिल्या पुस्तकात ज्या तत्त्वाचा प्रामाणिकपणा त्यांनी दाखवला, त्याच तत्त्वाची किंमत कोणी मोजली हे दुसऱ्यात दाखवलं. दोन्ही पुस्तकं जिथे सांधली जातात ती जागा म्हणजे मालमत्तेची कल्पना. ती नीट कळली की विरोधाभास उरतो, पण तो मॉर्गन यांचा न राहता अठराव्या शतकातल्या माणसांचा होतो.

तुम्हाला नक्की काय हवंय यावर थोडं अवलंबून आहे. परीक्षा तोंडावर असेल तर ही दोन्ही पुस्तकं बाजूला ठेवा आणि १९५६चं 'द बर्थ ऑफ द रिपब्लिक' वाचा. छोटं आहे, १७६३ ते १७८९ सगळं त्यात येतं आणि भाषा इतकी स्वच्छ आहे की इंग्रजीची धास्ती असलेली मुलंही ते पुरं करतात. प्रबंध लिहायचा असेल तर उत्तर वेगळं होईल, कारण मग नव्या संशोधनापासून सुरुवात करून मागे यावं लागेल. तुमच्या प्रश्नाच्या सुरावरून तुम्हाला विषय मुळातून समजून घ्यायचाय असं वाटतं, म्हणून ते धरून लिहितो.

माणसाबद्दल थोडं सांगायला हवं. मॉर्गन यांचा जन्म १९१६चा, वडील कायद्याचे प्राध्यापक. हार्वर्डला ते पेरी मिलर यांच्या हाताखाली शिकले. मिलर स्वतः नास्तिक, पण प्युरिटन या कडव्या इंग्रज प्रोटेस्टंट लोकांचं धर्मचिंतन त्यांनी इतक्या गंभीरपणे घेतलं की त्या विषयाचा चेहराच बदलला. समोरचा माणूस जे म्हणतो ते आधी त्याच्या शब्दांत समजून घ्यायचं, पटो न पटो, ही शिस्त मॉर्गन यांनी तिथून उचलली. दुसऱ्या महायुद्धात ते एम.आय.टी.च्या प्रयोगशाळेत रडारचे भाग बनवणारे यंत्रकारागीर होते. पुढे ब्राऊन आणि १९५५पासून येल विद्यापीठात शिकवलं. २०१३ साली वारले. स्टॅम्प कायद्यावरचं पुस्तक त्यांनी एकट्याने लिहिलेलं नाही; पत्नी हेलन मॉर्गन सहलेखिका आहेत. आपल्याकडच्या नोट्समध्ये हे नाव हमखास गळतं. तुमच्या उत्तरपत्रिकेत तरी गळू देऊ नका.

आता पहिलं पुस्तक. मार्च १७६५मध्ये ब्रिटिश पार्लमेंटने स्टॅम्प कायदा केला. वर्तमानपत्रं, कोर्टाचे कागद, परवाने, पत्रकं, अगदी खेळायचे पत्तेसुद्धा १ नोव्हेंबरपासून कर भरून घेतलेल्या मुद्रांकाशिवाय चालणार नव्हते. वसाहती पेटल्या आणि मार्च १७६६मध्ये कायदा रद्द झाला. मग १७६७ साली चार्ल्स टाउनशेंड यांनी काच, शिसं, रंग, कागद आणि चहावर आयात शुल्क बसवलं, त्यालाही विरोध झाला. मॉर्गन यांच्याआधी प्रचलित मत असं होतं: स्टॅम्पच्या वेळी वसाहतवाले म्हणाले की अंतर्गत कर नको, बंदरावरचं शुल्क चालेल, शुल्क आलं तसं म्हणाले की तेही नको. म्हणजे तत्त्वबित्त्व काही नव्हतं, खिसा वाचवायचा होता आणि युक्तिवाद सोयीप्रमाणे सरकत गेला. चार्ल्स बियर्ड यांच्या १९१३च्या संविधानावरच्या पुस्तकानंतर प्रत्येक घोषणेमागे आर्थिक हितसंबंध शोधायची सवय अभ्यासकांना लागली होती, त्यामुळे हे मत पटकन रुजलं.

मॉर्गन यांनी काय केलं? वसाहतींच्या विधानसभांनी १७६४ ते १७६६ या काळात केलेले ठराव आणि अर्ज ओळ न् ओळ वाचले. १९४८ साली त्यांनी लेख लिहून दाखवलं की अंतर्गत कर नको पण बाह्य चालेल, ही भूमिका त्या अधिकृत ठरावांमध्ये नाहीच. जिथे 'अंतर्गत' हा शब्द येतो तिथेही तो बाह्य कराला संमती देण्यासाठी येत नाही. खरा भेद त्यांनी केला होता तो कर लावणं आणि कायदे करणं यांत. साम्राज्याच्या व्यापाराचं नियमन पार्लमेंटने करावं, ते मान्य. पण पैसे घ्यायचे तर ते आमच्या प्रतिनिधींच्या संमतीनेच. न्यूयॉर्कच्या विधानसभेने ऑक्टोबर १७६४मध्ये, म्हणजे स्टॅम्प कायदा व्हायच्याही आधी, पार्लमेंटच्या कनिष्ठ सभागृहाला, म्हणजे कॉमन्स सभेला, अर्ज पाठवला. अंतर्गत कर असो की आम्ही वापरतो त्या मालावरचं शुल्क, दोन्हींनी आमची मालमत्ता सारखीच घटते, असं त्यात स्वच्छ लिहिलंय. याहून उघड काय लिहायचं?

मग अंतर्गत-बाह्य हा घोळ आला कुठून? बराचसा लंडनमधून. कायदा रद्द करून घ्यायची धडपड चालू असताना फेब्रुवारी १७६६मध्ये वसाहतीचे लंडनमधले प्रतिनिधी बेंजामिन फ्रँकलिन यांची कॉमन्ससमोर साक्ष झाली. वसाहतींचा आक्षेप अंतर्गत करापुरता आहे असं त्यांनी तिथे भासू दिलं. उद्या ते बाह्य करालाही हरकत घेतील का, असं विचारल्यावर, आज ते तसं म्हणत नाहीत, पण तुमचेच युक्तिवाद ऐकून उद्या पटेलही, असा सावध जवाब दिला. खासदारांना तेच ऐकायचं होतं. कायदा रद्द करतानाच त्यांनी दुसरा कायदा करून ठेवला: वसाहतींना सर्व बाबतींत बांधील ठरवणारे कायदे करण्याचा पार्लमेंटला हक्क आहे. हा हक्क सांगणाऱ्या कलमात 'कर' हा शब्द घातला नाही. पार्लमेंटने त्यात कराचा अधिकार गृहीत धरला, वसाहतवाल्यांनी तो वगळला, आणि दोन्ही बाजू जिंकल्याच्या आनंदात घरी गेल्या. पुस्तकातला हा भाग माझ्या मते सर्वांत उत्तम आहे. पुढच्या दहा वर्षांचं भांडण त्या एका गाळलेल्या शब्दात दिसतं.

हे सगळं मॉर्गन सांगतात म्हणून मानू नका, तपासून पाहा. त्यांनीच १९५९ साली 'प्रोलॉग टू रेव्होल्यूशन' हा मूळ कागदपत्रांचा संग्रह काढला. मी वर्गात आधी हे ठराव देतो. मुलं पेन्सिल घेऊन बसतात, 'कर' कुठे आला तिथे खूण करतात आणि त्याच्या आगेमागे कुठलं विशेषण आहे ते टिपतात. मग मॉर्गन यांचं प्रकरण वाचतात. इतिहासकाराचं म्हणणं पुराव्यापुढे धरून बघण्याची सवय लागायला याहून सोपा धडा मला सापडलेला नाही. व्हर्जिनियाचे मे १७६५चे ठराव मुद्दाम बघा. तिथल्या विधानसभेचे सदस्य पॅट्रिक हेन्री यांनी मांडलेले किती मंजूर झाले आणि वर्तमानपत्रांत किती छापून आले हा मोठा मजेदार मामला आहे.

आता सांध्याकडे येतो. याच पुस्तकात जेरेड इंगरसोल या गृहस्थांची हकिगत आहे. कनेक्टिकटचे वजनदार वकील, मुद्रांक वाटपाचं काम त्यांनी पत्करलं. सप्टेंबर १७६५मध्ये वेदर्सफील्ड गावाजवळ शेकडो घोडेस्वारांनी त्यांना गाठलं, तासन् तास अडवून ठेवलं आणि राजीनामा लिहून घेतला. मग टोपी उंचावून तीनदा घोषणा द्यायला लावली: "स्वातंत्र्य आणि मालमत्ता!" मॉर्गन इंगरसोलना खलनायक करत नाहीत, बोस्टनचे थॉमस हचिन्सन या मॅसॅच्युसेट्सच्या उपगव्हर्नरांनाही नाही. नोकरीपायी आणि कायद्यावरच्या श्रद्धेपायी अडकलेली ही माणसं ते सहानुभूतीने रंगवतात. पण तुम्ही त्या घोषणेवर थांबा.

आज आपण हे दोन शब्द वेगळे वाचतो. स्वातंत्र्य उदात्त, मालमत्ता स्वार्थी. अठराव्या शतकातल्या इंग्रजी वळणाच्या माणसाला ते एकच वाटे. ज्याच्याकडे स्वतःची जमीन आहे त्याला कुणापुढे वाकावं लागत नाही, म्हणून तो मोकळेपणाने मत देऊ शकतो. ज्याचं पोट दुसऱ्याच्या हातात त्याचं मतही दुसऱ्याच्या हातात. माझ्या संमतीशिवाय माझी मालमत्ता घेतली की मी स्वतंत्र राहिलो नाही. तेव्हा वसाहतवाले खिशासाठी लढले की तत्त्वासाठी हा प्रश्नच चुकीचा, कारण त्यांचं तत्त्वच खिशात होतं. हे मॉर्गन यांनी पन्नाशीच्या दशकात मांडलं. पण या विचाराचा दुसरा अर्धा भाग तेव्हा त्यांनी फारसा उकरला नाही: ज्याच्याकडे मालमत्ता नाही, त्याचं काय? हा विचार मानणाऱ्याला भूमिहीन माणूस स्वातंत्र्याला धोका वाटतो, कारण तो विकत घेता येतो किंवा भडकवता येतो. स्कॉटलंडचे अँड्र्यू फ्लेचर हे कट्टर प्रजासत्ताकवादी. त्यांनी १६९८ साली गरिबीवर उपाय सुचवला तो गरिबांना चक्क गुलाम करण्याचा. मॉर्गन यांना ही विसंगती वाटत नाही. त्या विचाराच्या पोटातच ते होतं, असं ते दाखवतात.

तिथून 'अमेरिकन स्लेव्हरी'कडे या. पुस्तकाची सुरुवात व्हर्जिनियात होत नाही, पनामात होते. १५७२-७३ साली फ्रान्सिस ड्रेक स्पॅनिश मालकांकडून पळालेल्या आफ्रिकी लोकांशी हातमिळवणी करतात. पुस्तकात इंग्रज आधी दिसतात ते पळालेल्या गुलामांचे सोबती म्हणून. मग शंभर वर्षांत असं काय झालं, या कोड्यावर पुढचं पुस्तक चालतं.

१६०७ साली व्हर्जिनियात जेम्सटाउन ही इंग्रजांची वस्ती वसली. लोक उपाशी मरत होते, तरी १६११ साली नवे अधिकारी येऊन बघतात तो माणसं रस्त्यात चेंडू घरंगळवण्याचा खेळ खेळतायत. १६२०च्या दशकात तंबाखूला भाव आला आणि सगळ्यांना मजूर हवे झाले. इंग्लंडमधून तरुण करारावर येऊ लागले: बोटीचं भाडं मालकाने भरायचं, त्या बदल्यात साधारण चार ते सात वर्षं राबायचं. आपल्याकडच्या सालगड्यावरून थोडा अंदाज येईल, पण एक फरक मोठा आहे. या करारबंद नोकराला मुदतीच्या मध्येच दुसऱ्याला विकता येई. थॉमस बेस्ट नावाचा असा एक नोकर १६२३च्या पत्रात कळवळून लिहितो की मालकाने मला दीडशे पौंडांना गुलामासारखं विकलं. आफ्रिकी लोक १६१९पासून व्हर्जिनियात होते, पण राबणारे बहुतेक हात अजून इंग्रज होते. म्हणजे माणसाला माल समजायची सवय व्हर्जिनियाला आधी इंग्रज गरिबांवर लागली. मॉर्गन यांच्या पुस्तकातलं हे मला सर्वांत बोचणारं वाटतं.

सुरुवातीला माणसं इतकी भराभर मरत की जन्मभरासाठी गुलाम विकत घेणं परवडत नसे. चार-सात वर्षांचा करार स्वस्त पडे. शतकाच्या मध्यापासून मरण कमी झालं. त्याचे दोन परिणाम झाले. एक, जन्मभराचा गुलाम आता फायद्याचा ठरू लागला. दोन, करार संपवून सुटलेले तरुण जिवंत राहू लागले: बिनलग्नाचे, हाती बंदूक, पण चांगली जमीन आधीच बड्यांनी बळकावलेली. १६७० साली तर भूमिहीनांचा मताधिकारही काढून घेतला. १६७६ साली नॅथॅनिएल बेकन यांच्या बंडात ही माणसं उसळली. बंडाची सुरुवात मूळनिवासींवर हल्ले करायच्या मागणीने झाली आणि शेवट गव्हर्नर बर्कली यांना पळवून लावून जेम्सटाउन जाळण्यात. बेकन आजाराने मेले. शेवटी शस्त्रं टाकायला तयार नसलेल्यांत ऐंशी कृष्णवर्णीय आणि वीस इंग्रज नोकर एकत्र होते.

इथे तुमच्या नोट्स बहुधा एक चूक करतील, म्हणून सावध करतो. 'बंडाला घाबरून मळेवाल्यांनी कट करून गुलामगिरी आणली, गोऱ्या-काळ्या गरिबांना फोडण्यासाठी,' असा मॉर्गन यांचा सारांश सगळीकडे दिसतो. पण मॉर्गन तसं म्हणत नाहीत. मळेवाल्यांनी गुलाम घेतले ते हिशेबाने, कारण ते परवडू लागले होते. गुलाम वाढले तसे नवे करारबंद नोकर येणं घटलं, म्हणून सुटलेल्या बेकार गोऱ्यांची फौज वाढायची थांबली. बंडाचा धोका ओसरला तो या व्यवहाराचा न योजलेला परिणाम म्हणून. मुद्दाम केलेली गोष्ट दुसरी होती. गोऱ्यांच्या मनात काळ्यांविषयी आणि मूळनिवासींविषयी तिरस्कार रुजवणारे कायदे विधानसभेने समजून-उमजून केले, असं ते स्पष्ट म्हणतात. गुलामगिरी आणि वर्णद्वेष यांची कारणं त्यांनी वेगळी ठेवली आहेत. परीक्षकाला हा फरक दिसला तर तो तुमची वही पुन्हा वाचेल.

ते कायदे जवळून बघा. १६६२: मूल आईच्या दर्जाचं, म्हणजे गुलाम स्त्रीचं मूल गुलाम, बाप कोणीही असो. १६६७: बाप्तिस्मा घेतला तरी सुटका नाही. १६९१: आंतरवर्णीय विवाहाला बंदी. आणि १७०५ची मोठी संहिता. तिच्यानुसार गोऱ्या ख्रिस्ती नोकराला उघडं करून फटके मारायला मॅजिस्ट्रेटचा हुकूम लागेल. न ऐकणाऱ्या गुलामाचे मात्र अवयव तोडायला कोर्ट परवानगी देऊ शकेल. करार संपलेल्या गोऱ्या पुरुषाला मालकाने दहा बुशेल मका, तीस शिलिंग आणि किमान वीस शिलिंग किमतीची बंदूक द्यायची. आणि गुलामाकडे स्वतःची म्हणून जी घोडी, गुरं, डुकरं असतील ती जप्त करून विकायची आणि पैसे त्या भागातल्या गरिबांसाठी वापरायचे. गरीब गोऱ्याला सन्मान, बंदूक आणि थोडं भांडवल मिळालं ते कुणाच्या गोठ्यातून, हे त्या एका कलमात लिहिलेलं आहे. मालमत्ता म्हणजे स्वातंत्र्य, या सूत्राचा हा जमाखर्च.

सत्तर वर्षांनी व्हर्जिनियात सुमारे चाळीस टक्के लोक गुलाम होते. धोकादायक गरीब असे साखळीत होते, मताच्या बाहेर होते. उरलेल्यांत लहान शेतकरी आणि बडा मळेवाला दोघेही जमीनदार, दोघेही गोरे, म्हणून 'आपण सगळे समान' ही भाषा बड्यांना परवडली. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले जेफरसन, वॉशिंग्टन, मॅडिसन, मन्रो याच मातीतले. पार्लमेंटने कर लावला तर आपण गुलाम होऊ, असं ते म्हणत तेव्हा गुलाम म्हणजे काय हे त्यांना रोज अंगणात दिसत होतं. त्यांची स्वातंत्र्याची ओढ खोटी नव्हती. ती इतकी तीव्र का होती, याचं एक कारण तिथे मिळतं.

वर्गात या ठिकाणी कुणीतरी हात वर करतंच: 'सर, हे तर बाबासाहेबांच्या श्रेणीबद्ध विषमतेसारखं झालं.' खालच्याच्या खाली कुणीतरी असलं की तो व्यवस्थेविरुद्ध उठत नाही, हा मुद्दा दोन्हीकडे आहे आणि तो मनात येणं अगदी रास्त आहे. पण उत्तर लिहिताना जपून. व्हर्जिनियातली रचना आपल्याला वर्षावार, कायद्याकायद्याने घडताना दिसते, साठ-सत्तर वर्षांत. जातीचा इतिहास त्या मोजमापात बसत नाही. तुलना करायचीच असेल तर स्वतंत्र निबंध लिहा, एका परिच्छेदात उरकू नका.

आता दोन्हींना एकत्र बांधणारं तिसरं पुस्तक, १९८८चं 'इन्व्हेंटिंग द पीपल'. अठराव्या शतकातले तत्त्वज्ञ डेव्हिड ह्यूम यांना आश्चर्य वाटायचं की मूठभर लोक इतक्या बहुसंख्यांवर इतक्या सहज राज्य कसं करतात. मॉर्गन म्हणतात, कल्पितांच्या जोरावर. आधी राजा ईश्वराचा प्रतिनिधी हे कल्पित होतं, मग १६४०च्या दशकात इंग्लंडच्या पार्लमेंटने 'जनता सार्वभौम' हे दुसरं पुढे केलं. दोन्ही शब्दशः खरी नाहीत. पण कल्पित एकदा मांडलं की मांडणाऱ्यालाही त्याच्याप्रमाणे थोडं वागावं लागतं, नाहीतर ते कोसळतं. राजा ईश्वराचा प्रतिनिधी म्हटल्यावर त्याच्या वागण्याला ईश्वराचं माप लागतं. जनता सार्वभौम म्हटल्यावर कधीतरी कुणीतरी विचारतंच, आम्ही जनतेत येतो की नाही? १७६४ सालीच बोस्टनच्या जेम्स ओटिस यांनी वसाहतवाल्यांच्या हक्कांवर लिहिताना सगळी माणसं निसर्गतः स्वतंत्र आहेत, गोरी असोत वा काळी, असं छापून टाकलं होतं.

तुमच्या खट्टू झालेल्या मनाला माझं उत्तर इथेच आहे. फुल्यांनी पुस्तक अर्पण केलं ते गुलामगिरी मोडण्यासाठी ज्यांनी झीज सोसली त्या अमेरिकी लोकांना. ओटिस यांच्यासारख्यांनी ते वाक्य पूर्ण अर्थाने घेतलं होतं, ती ओळ पुढे त्या लोकांपर्यंत येते. व्हर्जिनियाच्या मळेवाल्यांचा इतिहास कळल्याने ती अर्पणपत्रिका खोटी ठरत नाही. उलट त्या लोकांना किती जुनं आणि किती खोल गेलेलं काही उपटावं लागलं, हे कळतं.

विसंबावं का, या प्रश्नाचं उत्तर भागाभागाने द्यावं लागेल. ठरावांचं वाचन टिकून आहे, त्यावर निर्धास्त राहा. व्हर्जिनियाबाबत मात्र पुष्कळ पाणी वाहून गेलंय. विन्थ्रॉप जॉर्डन यांनी १९६८ सालीच दाखवलं होतं की काळ्या रंगाविषयीचा इंग्रजांचा पूर्वग्रह बराच जुना आहे. मॉर्गन त्याला कमी वजन देतात. रसेल मेनार्ड यांनी १९७७मध्ये म्हटलं की मुख्य कारण इंग्लंडमधून येणाऱ्या नोकरांचा पुरवठा आटणं हे होतं. कॅथलीन ब्राऊन यांनी १९९६च्या पुस्तकात स्त्रियांच्या बाजूने सगळं पुन्हा तपासलं. १६४३ सालीच व्हर्जिनियाने आफ्रिकी स्त्रियांवर शेतमजूर पुरुषांप्रमाणे डोईपट्टी बसवली, इंग्रज स्त्रियांवर नाही. म्हणजे बेकनच्या कितीतरी आधी रेघ ओढायला सुरुवात झाली होती. जॉन कूम्ब्स यांनी बडे मळेवाले मॉर्गन समजत होते त्याच्या आधीच गुलामांकडे वळले होते हे दाखवलं. अँथनी पॅरंट यांच्या मते तर बड्यांचा हेतू मॉर्गन मानतात त्याहून फार जास्त जाणता होता. मूळनिवासी लोक मॉर्गन यांच्या पुस्तकात येतात ते बहुतेक इंग्रजांच्या नजरेने, ही उणीव मलाही खटकते.

माझा स्वतःचा आक्षेप वेगळा आहे. गुलामगिरीमुळे स्वातंत्र्याची भाषा बोलता आली हे व्हर्जिनियापुरतं पटतं. पण १७६५च्या ऑगस्टमध्ये मुद्रांक वाटणाऱ्या अँड्र्यू ऑलिव्हर यांचा पुतळा टांगला गेला तो बोस्टनमध्ये, हचिन्सन यांचं घर फोडलं तेही तिथेच. मॅसॅच्युसेट्समध्ये गुलाम होते, पण थोडे. तिथल्या स्वातंत्र्याच्या भाषेला मॉर्गन यांचं हे स्पष्टीकरण पुरत नाही. त्यासाठी त्यांच्याच प्युरिटन लोकांवरच्या पुस्तकांकडे जावं लागतं.

म्हणून वाचायचा क्रम मी असा सुचवेन. आधी 'द बर्थ ऑफ द रिपब्लिक'. मग 'प्रोलॉग टू रेव्होल्यूशन'मधला न्यूयॉर्कचा अर्ज आणि व्हर्जिनियाचे ठराव, आणि त्यानंतर स्टॅम्प कायद्यावरचं पुस्तक. 'अमेरिकन स्लेव्हरी' जाड आहे, त्यात थेट उडी घेऊ नका. १९७२ साली 'जर्नल ऑफ अमेरिकन हिस्टरी'त आलेलं त्यांचं अध्यक्षीय भाषण, 'स्लेव्हरी अँड फ्रीडम: द अमेरिकन पॅरडॉक्स', एका बैठकीत होतं आणि सगळा युक्तिवाद त्यात आहे. विद्यापीठाच्या ग्रंथालयातून ते सहसा ऑनलाइन उघडतं. पुस्तक घ्याल तेव्हा लोकसंख्येवरचं परिशिष्ट वगळू नका, करपात्र माणसांच्या याद्यांवरून त्यांनी माणसं कशी मोजली ते तिथे आहे. मग मॅसॅच्युसेट्ससाठी १९५८चं 'द प्युरिटन डिलेमा', तिथले सुरुवातीचे गव्हर्नर जॉन विन्थ्रॉप यांचं छोटंसं चरित्र. 'इन्व्हेंटिंग द पीपल' शेवटी. ब्राऊन आणि मेनार्ड 'अमेरिकन स्लेव्हरी' संपल्यावर लगेच वाचा, आधी नको. वाचताना कुठे अडलात तर प्रकरणाचं नाव लिहून विचारा, म्हणजे नेमकं उत्तर देता येईल.